चार रात्री पलंगावर, तरी ‘ॲडमिट’ नाही

शुक्रवारी सकाळी साडेनऊला फोन आला तेव्हा मी गाडी पार्क करत होते. “ताई, आईला आज डिस्चार्ज देतायत. रिहॅबला पाठवायचं म्हणतायत, पण मेडिकेअर पैसे देणार नाही म्हणे. दिवसाला 480 डॉलर, आणि पंधरा दिवसांचे आधी भरा.”

मी विचारलं, “काकू ॲडमिट कधी झाल्या?”

“सोमवारी रात्री.”

“नक्की ॲडमिट?”

तो चिडलाच. “अहो ताई, चार रात्री पलंगावर आहे ती. हातात सलाइन आहे. याला ॲडमिट नाही तर काय म्हणायचं?”

आपल्याकडे दवाखान्यात ठेवून घेतलं की माणूस ‘ॲडमिट’. रात्र तिथे काढली, घरून डबा गेला, भेटायला लोक आले की आणखी पुरावा लागत नाही. अमेरिकेच्या मेडिकेअरमध्ये, म्हणजे मुख्यतः ज्येष्ठांसाठीच्या सरकारी आरोग्यविम्यात, मात्र ॲडमिट म्हणजे डॉक्टरने ‘इनपेशंट’ म्हणून दिलेली लेखी ऑर्डर. ती नसेल, किंवा दिल्यावर मागे घेतली असेल, तर पेशंट आठवडाभर त्याच पलंगावर असला तरी हिशोबाला तो बाहेरचाच, ‘आउटपेशंट’. काकूंचं सगळं प्रकरण या एका शब्दावर उभं आहे.

मी न्यू जर्सीत राहते. ज्येष्ठांना मेडिकेअरबद्दल मोफत सल्ला देणारा ‘शिप’ नावाचा सरकारी कार्यक्रम इथे प्रत्येक राज्यात आहे. त्यात मी स्वयंसेवक आहे. हे प्रकरण 2025 च्या मे महिन्यातलं. काकूंच्या आणि त्यांच्या मुलाच्या परवानगीने लिहिते आहे. ओळख पटेल असे तपशील गाळले आहेत आणि हॉस्पिटलचं नावही देत नाही.

काकू 79 वर्षांच्या. 1982 साली काकांबरोबर इथे आल्या. काकांनी इंजिनिअर म्हणून वीस वर्षं नोकरी केली, पगारातून मेडिकेअरचा कर कापला गेला. दहा वर्षांची, म्हणजे 40 तिमाहींची कमाई नोंदलेली असली की पार्ट ए, म्हणजे हॉस्पिटलचा विमा, हप्ता न भरता मिळतो आणि जोडीदारालाही त्याच नोंदीवर मिळतो. या घराला मेडिकेअरचा अनुभव मात्र त्याआधीचा. काकांच्या किडन्या एकसष्टाव्या वर्षी निकामी झाल्या आणि डायलिसिस सुरू झालं. मेडिकेअर 65 नंतरचं, असंच सगळे धरून चालतात. पण 1965 साली ज्येष्ठांसाठी केलेल्या या कायद्यात 1972 साली दुरुस्ती झाली आणि 65 च्या आतले दीर्घकालीन अपंग आणि किडनी निकामी झालेले रुग्ण त्यात आले. अपंगांना सोशल सिक्युरिटी या सरकारी पेन्शन योजनेचा अपंगत्व भत्ता सुरू झाल्यावर 24 महिने थांबावं लागतं. डायलिसिसवाल्यांना साधारण चौथ्या महिन्यापासून विमा लागू होतो. काकांची शेवटची सहा वर्षं त्यावरच निघाली. “त्या कार्डाने ह्यांना जगवलं,” असं काकू अजून म्हणतात. म्हणूनच त्या कार्डावर त्यांचा इतका भरवसा होता.

त्यांचा स्वतःचा विमाही नीट बसवलेला होता. पासष्टाव्या वर्षी पार्ट ए आणि पार्ट बी, म्हणजे डॉक्टरांचा आणि आउटपेशंट उपचारांचा विमा, घेतला. पार्ट बी सुरू झाल्यापासूनच्या पहिल्या सहा महिन्यांत कोणतीही कंपनी जुनी दुखणी पुढे करून सप्लिमेंट, म्हणजे मेडिकेअरनंतर उरलेला पेशंटचा वाटा भरणारा पूरक विमा, नाकारू शकत नाही. मुलाने नेमक्या त्या मुदतीत चांगला सप्लिमेंट घेऊन ठेवला होता. कागदोपत्री यापेक्षा भक्कम व्यवस्था सहसा पाहायला मिळत नाही.

सोमवारी संध्याकाळी काकू मागच्या दारच्या पायरीवरून घसरल्या. मेथीची कुंडी उन्हातून आत घ्यायला गेल्या होत्या. इमर्जन्सीत एक्स-रे आणि सीटी झालं. ओटीपोटाच्या पुढच्या हाडाला, पेल्विसला, चीर गेलेली. या वयात हे फ्रॅक्चर नेहमीचं आणि त्याला ऑपरेशन लागत नाही. वेदना आटोक्यात ठेवायच्या, हळूहळू उभं करायचं, चालवायचं, एवढाच इलाज. रक्त तपासलं तेव्हा सोडियम 122, म्हणजे बरंच कमी, निघालं. बीपीसाठी लघवी जास्त होणारी गोळी चालू होती, तिचा परिणाम. घसरण्याआधी डोकं हलकं झाल्यासारखं वाटलं होतं, हे काकूंना तेव्हा आठवलं.

रात्री सव्वाअकराला डॉक्टरने इनपेशंटची ऑर्डर लिहिली. मंगळवारी दुपारी हॉस्पिटलच्या युटिलायझेशन रिव्ह्यू समितीने, म्हणजे भरतीची गरज तपासणाऱ्या समितीने, फाइल पाहिली. ऑपरेशन नाही आणि सोडियम सुधारतंय, तेव्हा इनपेशंटची गरज नाही असं त्यांनी ठरवलं. दिवसपाळीच्या डॉक्टरने संमती दिली. काकूंचा दर्जा बदलून ‘ऑब्झर्व्हेशन’ झाला, म्हणजे आउटपेशंट म्हणून नुसतं निरीक्षणाखाली. असा बदल डिस्चार्जपूर्वी केला की सोमवार रात्रीची ऑर्डरही दिलीच नव्हती असं धरलं जातं.

काकूंच्या बाजूने पाहिलं तर काहीच बदललं नाही. पलंग तोच, मनगटावरचा पट्टा तोच, रात्री दोनला बीपी घ्यायला येणारी नर्स तीच. बुधवारी सकाळी एक बाई क्लिपबोर्ड घेऊन आल्या, इंग्रजीत काहीतरी समजावलं आणि सही मागितली. चष्मा घरी राहिला होता. मुलगा कामावर गेला होता. काकूंनी सही केली. तो कागद मी नंतर पाहिला. सही मराठीत, खाली नेहमीची रेघ ओढलेली, पण ठिपक्यांची ओळ सोडून वरच्या मजकुरावर चढलेली. तो मजकूर होता मेडिकेअर आउटपेशंट ऑब्झर्व्हेशन नोटीसचा. ‘तुम्ही इनपेशंट नाही, आणि याचा परिणाम नर्सिंग फॅसिलिटीचा खर्च मिळण्यावर होऊ शकतो’, असं तिच्यात स्पष्ट लिहिलेलं असतं. 24 तासांपेक्षा जास्त ऑब्झर्व्हेशन झालं तर 36 तासांच्या आत ही नोटीस देणं 2017 पासून हॉस्पिटलांवर बंधनकारक आहे. हॉस्पिटलने नियम पाळला होता. पण भूल उतरल्यासारख्या ग्लानीत, चष्म्याशिवाय, एकट्या असलेल्या 79 वर्षांच्या बाईला परक्या भाषेतला कागद पुढे केला, की तिला कल्पना दिली असं होतं का? मला नाही वाटत, आणि हे मी त्या क्लिपबोर्डवाल्या बाईंनाही शांतपणे सांगितलं.

आता मूळ अडचण. हॉस्पिटलमधून थेट घरी न जाता काही आठवडे रोज फिजिओथेरपी आणि नर्सिंग मिळेल अशा ठिकाणी राहायचं, त्याला आपले लोक ‘रिहॅब’ म्हणतात. मेडिकेअरच्या भाषेत ती स्किल्ड नर्सिंग फॅसिलिटी. रोजची कुशल सेवा खरोखर लागत असेल तर पहिल्या 20 दिवसांना पेशंटचा एक पैसा लागत नाही. 21 ते 100 दिवसांना 2025 साली रोज 209.50 डॉलर होते, तेही काकूंच्या सप्लिमेंटने दिले असते. हे सगळं मिळायची मोठी अट अशी, की आधी सलग तीन दिवस इनपेशंट म्हणून काढलेले हवेत. भरती झाल्याचा दिवस मोजतात, डिस्चार्जचा मोजत नाहीत, आणि इमर्जन्सीतले किंवा ऑब्झर्व्हेशनमधले तास अजिबात धरत नाहीत. आणि मेडिकेअरने नाकारलं की सप्लिमेंटही हात वर करतो, कारण तो मेडिकेअरच्या मागे चालणारा विमा आहे. 480 च्या भावाने 20 दिवसांचे 9,600 डॉलर. काकू तेव्हा, 2025 साली, दरमहा पार्ट बीचे 185 डॉलर भरत होत्या, सप्लिमेंटचा हप्ता वेगळा, आणि तरी ही वेळ.

तीन दिवसांची अट 1965 च्या मूळ कायद्यातली. तेव्हा पेल्विस मोडलेला माणूस दोन-दोन आठवडे हॉस्पिटलात असायचा, त्याला तीन दिवस म्हणजे काहीच नव्हते. आज गुडघा बदललेला पेशंट दुसऱ्या दिवशी घरी जातो. अट मात्र तशीच राहिली. 1988 च्या एका कायद्याने ती काढली होती, पण पुढच्याच वर्षी तो कायदाच रद्द झाला. कोविडच्या काळात, 2020 च्या मार्चपासून 2023 च्या मेपर्यंत, ती स्थगित होती. त्या तीन वर्षांत माझ्याकडे असं एकही प्रकरण आलं नाही. ही अट आता काढून टाकावी, निदान ऑब्झर्व्हेशनचे दिवस तरी तिच्यात मोजावेत, असं माझं ठाम मत आहे.

हॉस्पिटल असं का करतं? काकूंचा मुलगा “पैसे खायचे धंदे” म्हणाला. त्याचा राग समजतो, पण खरं कारण बरंचसं भीतीचं आहे. 2013 च्या ऑक्टोबरपासून दोन मध्यरात्रींचा नियम आहे. पेशंटला वैद्यकीय गरजेमुळे दोन मध्यरात्री तरी ठेवावं लागेल अशी डॉक्टरची रास्त अपेक्षा असेल, तर इनपेशंट ऑर्डर योग्य. थोड्या दिवसांच्या इनपेशंट भरतीचे दावे मेडिकेअरचे हिशेबतपासनीस नंतर उकरून काढतात, आणि भरती अनावश्यक होती असं ठरलं की पार्ट एचे पैसे हॉस्पिटलला परत करावे लागतात. म्हणून शंका आली की समिती पेशंटला ऑब्झर्व्हेशनमध्ये टाकते. हॉस्पिटलची जोखीम अशी कमी होते आणि भार पेशंटवर येतो. तोही रिहॅबच्या दारात गेल्यावर कळतो.

मुलाला फोनवर मी एकच गोष्ट शोधायला सांगितली. काल संध्याकाळपासून आईच्या हातात आणखी एखादा कागद दिला आहे का, ‘चेंज ऑफ स्टेटस’, म्हणजे दर्जा बदलल्याची नोटीस, असं शीर्षक असलेला? तो उशाजवळच्या ड्रॉवरमध्ये सापडला, जेवणाच्या मेनूखाली.

त्या कागदामागे मोठी लढाई आहे. ऑब्झर्व्हेशनमध्ये टाकलेल्या वृद्ध रुग्णांनी आणि त्यांच्या घरच्यांनी 2011 साली कनेक्टिकटच्या संघराज्य न्यायालयात सामूहिक दावा लावला. दर्जा बदलण्याचा निर्णय आमच्या खिशाला हात घालतो, मग त्यावर दाद मागायची सोय का नाही, हा त्यांचा प्रश्न. निकाल 2020 साली रुग्णांच्या बाजूने लागला, आणि 2022 च्या जानेवारीत अपील न्यायालयाने तो कायम केला. दावा लावणाऱ्यांपैकी काही जण तोवर हयातही नव्हते. अशा अपिलाचे सरकारी नियम 2024 च्या ऑक्टोबरमध्ये आले आणि 14 फेब्रुवारी 2025 पासून हॉस्पिटलांना ही नवी नोटीस द्यावी लागते. काकू घसरल्या त्याच्या तीनच महिने आधी. वर्षभर आधी हा फोन आला असता तर माझ्याकडे सांगण्यासारखं फारसं काही नव्हतं.

हा हक्क सगळ्यांना नाही, हेही सांगायलाच हवं. आधी इनपेशंटची ऑर्डर झालेली हवी आणि मग ती बदललेली हवी. पार्ट बी असलेल्या पेशंटने हॉस्पिटलात सलग तीन दिवस तरी काढलेले हवेत आणि त्यातले इनपेशंटचे तीनपेक्षा कमी. पहिल्यापासूनच ऑब्झर्व्हेशनमध्ये ठेवलेल्याला हे दार बंद आहे. म्हणजे सोमवारी रात्री डॉक्टरने ती ऑर्डर लिहिली नसती, तर काकूंना काहीच करता आलं नसतं. दुखणं तेच, पलंग तोच, फक्त सव्वाअकराचा तो एक कागद असणं किंवा नसणं. मला या तरतुदीतलं हे सर्वांत अन्यायाचं वाटतं.

साडेदहाला मी हॉस्पिटलात पोहोचले. अपील तातडीचं धरायचं असेल तर पेशंटने हॉस्पिटल सोडण्यापूर्वी नोटिशीवर छापलेल्या नंबरला फोन करायचा असतो. तो लागतो क्वालिटी इम्प्रूव्हमेंट ऑर्गनायझेशनला, थोडक्यात क्यूआयओला. मेडिकेअरने नेमलेली ही स्वतंत्र तपासणी संस्था, हॉस्पिटलची नव्हे. मुलगा फोन घेऊन पुढे सरसावला, पण पलीकडून पेशंटशीच बोलायचं आहे असं सांगितलं. दुभाषी मागितला. सहा-सात मिनिटांनी मराठी बोलणारी बाई लाइनवर आली आणि काकूंचा चेहरा उजळला. “अगं, मी सोमवारपासून इथेच आहे. उठताच येत नाही मला, आणि हे म्हणतात मी आलेच नाही,” असं त्यांनी तिला सांगितलं.

तेवढ्यात मी मुलाला बाजूला घेतलं. तो डॉक्टरांना सांगत होता की घरात बेडरूम वर आहे, तेरा पायऱ्या आहेत, दोघं नवरा-बायको नोकरीला जातात. सगळं खरं, आणि सगळं या अपिलात कुचकामी. घरी सोय नाही या कारणावर इनपेशंट ठरत नाही. मोजलं जातं ते एवढंच, की ऑर्डर लिहिली त्या वेळी समोर असलेल्या माहितीवरून दोन मध्यरात्रींची अपेक्षा वैद्यकीयदृष्ट्या रास्त होती का. म्हणून सोमवार रात्रीची नोंद मिळवायची. ती मिळाली आणि आमचा अर्धा जीव खाली बसला. ‘सोडियम 122, हळूहळू वाढवावं लागेल, दर सहा तासांनी तपासणी; वेदनेसाठी शिरेतून औषध; वजन टाकता येत नाही; दोन मध्यरात्रींपेक्षा जास्त लागतील अशी अपेक्षा.’ इमर्जन्सीच्या त्या डॉक्टरने मध्यरात्री, गर्दीत, दोन ओळी नीट लिहून ठेवल्या होत्या. सोडियम एकदम वाढवलं तर मेंदूला इजा होऊ शकते, त्यामुळे ‘हळूहळू’ या शब्दालाही तिथे वजन होतं.

डिस्चार्जची व्यवस्था पाहणारी हॉस्पिटलची केस मॅनेजर दुपारी दोनची ॲम्ब्युलन्स ठरवून बसली होती. अपील केलंय म्हटल्यावर ती जरा वरमली, मग तिनेच क्यूआयओला फाइल पाठवायची घाई केली. एक गोष्ट तिने मुलाला बाजूला घेऊन सांगितली, आणि ती इथे नोंदवण्यासारखी आहे. “दर्जा बदलला की आम्ही कागद देतो. पण बहुतेक घरं कागद पिशवीत टाकतात आणि विचारत नाहीत.”

संध्याकाळी वाट पाहताना मुलगा म्हणाला, “सरकारी मेडिकेअरऐवजी खासगी कंपनीचा ॲडव्हान्टेज प्लॅन घ्यायला हवा होता का? तिकडे तीन दिवसांची भानगड नसते म्हणे.” अनेक ॲडव्हान्टेज प्लॅन ही अट माफ करतात, हे खरं. पण रिहॅबमधल्या मुक्कामासाठी त्यांची आगाऊ मंजुरी लागते, आणि दहा दिवसांनी “आता पुरे” असा निरोप आलेली प्रकरणं मी हाताळली आहेत. काकूंच्या बाबतीत आहे ती व्यवस्थाच बरी, असं मी त्याला सांगितलं आणि आजही तेच सांगेन. अपील फसलं तर काय, हेही ठरवून ठेवलं. मेडिकेअरची घरपोच नर्सिंग आणि फिजिओथेरपीची सेवा आहे, तिला हॉस्पिटलच्या तीन दिवसांची अट नाही. घराबाहेर पडणं अवघड असलेल्याला ती विनामूल्य मिळते. पण थेरपिस्ट आठवड्यातून दोन-तीनदा येतो, दिवसभर सोबत करायला कोणी येत नाही. रात्री बाथरूमला कोण नेणार, तिथेच आमची चर्चा अडत होती.

गोळ्यांचाही एक मुद्दा निघाला. थायरॉइड आणि कोलेस्टेरॉलच्या रोजच्या गोळ्या हॉस्पिटलने दिल्या होत्या. इनपेशंटला त्या पार्ट एमध्ये धरल्या जातात. आउटपेशंटने स्वतः घ्यायच्या गोळ्यांचे पैसे पार्ट बी देत नाही, त्यांचं बिल वेगळं येतं. सुनेने घरून पर्समध्ये त्याच गोळ्यांची बाटली आणली होती, ती तशीच होती.

क्यूआयओला सगळे कागद मिळाले की एका दिवसात निर्णय द्यावा लागतो. शनिवारी दुपारी तीनला फोन आला. सोमवारची इनपेशंट ऑर्डर निकषांत बसत होती, दर्जा बदलल्याचं रिहॅबच्या हिशोबात धरू नये, असा निर्णय. काकूंचे तीन दिवस मोजले गेले. मुलगा फोन ठेवून खिडकीकडे तोंड करून उभा राहिला. काकू म्हणाल्या, “बघ, मी आले होते ना सोमवारी?”

रविवारी त्या रिहॅबला गेल्या. आगाऊ 7,200 डॉलरचा विषय पुन्हा निघाला नाही. पहिले तीन दिवस नुसतं पलंगाच्या कडेला बसवणं, मग वॉकर, मग कॉरिडॉर. थेरपीच्या खोलीत लाकडाच्या चार पायऱ्या असतात, दोन्हीकडे कठडे, वर जाऊन पलीकडे उतरायचं. बाराव्या दिवशी काकू त्या पहिल्यांदा चढल्या. थेरपिस्टने घरी किती पायऱ्या आहेत विचारलं. “तेरा,” म्हणाल्या, आणि उतरून परत चढल्या.

सतराव्या दिवशी तिथल्या ऑफिसातून एकजण कागद घेऊन आला. सेवा दोन दिवसांनी संपते आहे, मान्य नसेल तर अपील करता येईल, अशी ती नेहमीची नोटीस. सेवा संपण्याच्या किमान दोन दिवस आधी द्यावी लागते. पेन पुढे आलं. काकूंनी आधी चष्मा मागितला, मग मुलाला फोन लावला, आणि कागद आणणाऱ्याला पूर्ण पान फोनवरून मुलाला वाचून दाखवायला लावलं. घरी जायला त्या तयारच होत्या. सही ठिपक्यांच्या ओळीवर केली.